बिनकोपऱ्यांची खोली

नवऱ्याचं नाव घेऊ नये म्हणतात. मी घेते. डोमाजी. डोमाजी उके, राहणार कांचघर, जबलपूर, धंदा पुताईचा, म्हणजे लोकांच्या भिंतींना चुना मारायचा. आता तो गेल्यावर लोक येतात आणि विचारतात, "अम्मा, वो कलाकार थे न?" मी म्हणते, थे तो थे, चाय पियोगे? मागे एक बाई आली, चांगली शिकलेली, नागपूरची. वही काढून म्हणाली, "प्रकाश आणि अवकाश यांच्याशी त्यांचं नातं कसं होतं?" मी म्हटलं, नातं त्याचं माझ्याशी होतं बाई, त्रेसष्ट सालापासून, आणि तेही काही धड नव्हतं. ती लिहायची थांबली.

त्याने खोली केली हे खरं आहे. पाहायला लोक यायचे हेही खरं आहे. पण त्या खोलीवरून आमच्या घरात सात वर्षं भांडण चालू होतं, ते कोणी वहीत लिहीत नाही. भांडण साधं होतं. मला त्या खोलीच्या भिंतीवर माझ्या मेलेल्या पोराचा फोटो लावायचा होता. डोमाजी लावू देत नव्हता. एवढंच. बाकी प्रकाश-बिकाश ज्याला लिहायचा त्याने लिहावा.

डोमाजीचा बाप भंडाऱ्याकडचा. कामासाठी इकडे आला तेव्हा सगळं एकच राज्य होतं, गावाहून गाडीत बसलं की परमुलखात चाललो असं कोणाला वाटत नसे. मग छप्पन साली राज्यं वेगळी झाली. गाव तिकडे राहिलं, आम्ही इकडे. त्याच साली दसऱ्याला सासरा नागपूरला जाऊन दीक्षा घेऊन आला आणि घरातले जुने देव बांधून बाहेर काढले. डोमाजी तेव्हा पंधरा वर्षांचा होता. देव निघाल्यावर भिंतीवर त्यांच्या जागी काळे चौकोन राहिले, दिव्याच्या काजळीचे. ते बुजवायला त्याने पहिल्यांदा हातात कुंचा घेतला, तो मग सुटलाच नाही.

काम मात्र त्याचं पाहावं असं. मी तारीफ करणाऱ्यांतली नाही, पण खोटं काहून बोलू? सिव्हिल लाइन्सच्या बंगल्यांत त्यालाच बोलवायचे. कळीचा चुना तीन दिवस भिजवायचा, धोतराच्या कापडातून गाळायचा, मग त्यात नीळ. लोकांना वाटतं चुना पांढरा असतो. तो पांढरा नसतो, पिवळट असतो. चिमूटभर नीळ पडली की पिवळा मरतो आणि डोळ्याला पांढरंशुभ्र दिसतं. कमी पडली तर भिंत आजारी दिसते, जास्त पडली तर धोब्याच्या घरची. डोमाजी बोटावर चुना घेऊन उन्हात धरायचा आणि सांगायचा, "अजून दोन चिमटी." कोणाला काही फरक दिसत नसे. वाळल्यावर दिसायचा. पिवळ्या रंगाची एवढी पारख जबलपुरात दुसऱ्या कोणाला नव्हती, हे मी आज सांगते आहे, आणि सांगताना मला काही होत नाही. आधी व्हायचं.

आम्हाला एकच मुलगा. संघपाल. घरात संघू. पॉलिटेक्निकला होता, एकोणीस वर्षांचा, आजोबाच्या उंचीचा. मराठीत विचारलं तर हिंदीत उत्तर द्यायचा. मी चिडायची, "अरे, घरात तर बोल!" तर म्हणायचा, "समजतं ना मला सगळं, फिर क्या?" मागची खोली त्याची. तिला पश्चिमेकडे खिडकी.

शहाऐंशी साली दसऱ्याच्या आधी डोमाजीने घराला चुना मारला. आमच्यात दीक्षेच्या दिवसासाठी घर पांढरं करतात. संघूच्या खोलीला त्याने मुद्दाम नीळ चढती ठेवली. पोराला निळी खोली हवी होती. मग दसरा झाला आणि चार-पाच दिवसांत पोराला ताप भरला. अंग मोडून आलं, जेवण जाईना, उलटी. गल्लीतल्या डॉक्टरने मुदतीचा ताप सांगितला. दुपारी खिडकीतून ऊन यायचं ते त्याच्या तोंडावर. "आई, धूप चुभ रही है आँख में." दोनदा म्हणाला. पडदा लावला तर गुदमरतं म्हणे. मी डोमाजीला म्हटलं, "अहो, पडल्या बंगल्यातून ती निळी काच आणून ठेवली आहे ना तुम्ही, ती बसवा ना खिडकीला. पोराला ऊन लागून राहिलं." डोमाजी म्हणाला, बसवतो. त्याच दिवशी बसवली. दुपारभर खोलीत थंड निळा उजेड. संघू म्हणाला, "मस्त है." मलाही बरं वाटलं.

आता ऐका. निळ्या भिंती, निळी काच. पोरगं बारा दिवस त्या उजेडात पडून होतं. मी त्याच्या उशाशी बसायची, डोमाजी बसायचा, डॉक्टर तिथेच येऊन डोळ्याची पापणी खाली ओढून पाहून जायचा. तिघांनाही काही दिसलं नाही. लघवीला तो स्वतःच भिंत धरत मोरीत जायचा, तिथे अंधार, आणि पोरगं काही बोललं नाही. तेराव्या दिवशी मी म्हटलं, अंग पुसून देऊ, जरा अंगणात घ्या. डोमाजीने आणि मी त्याला धरून बाहेर आणलं, बाजेवर बसवलं. सकाळचं ऊन होतं. त्याने माझ्याकडे पाहिलं आणि, अवो माय, त्याचे डोळे हळदीसारखे पिवळे. हात पिवळे, गळा पिवळा, नखं पिवळी.

डोमाजीच्या हातातला तांब्या पडला.

दवाखान्यात नेलं. कावीळ यकृतात उतरली होती. आठ दिवस आधी आणलं असतं तर, असं डॉक्टर म्हणाले. ते त्यांचं बोलणंच असतं, तरी म्हणाले. पाचव्या दिवशी संघू गेला.

मला रडू आलं नाही. बायांनी माझ्या पाठीवर हात मारले, "रड गं लीला, रड," म्हणून. नाही आलं. जसं दातवाल्याने सुई मारल्यावर ओठ आपला राहत नाही ना, तसं सगळं अंग. चूल पेटवली, पोळ्या केल्या, लोकांना वाढल्या. जाऊबाई मालनबाई म्हणाली, बाईचं काळीज दगडाचं. असेल. तपासून कोणी पाहिलं?

पण एक काम मी त्या बधिरपणातही केलं. मालनबाईने विचारलं, "एवढं पिवळं पोरगं, घरात कोणाला दिसलं काहून नाही?" तर मी म्हटलं, "यांनी खिडकीला निळी काच बसवली होती." यांनी. मी मागितली हे बोलले नाही. विसरून नाही बोलले असं नाही, ठरवूनच नाही बोलले. मालनबाईने ते सगळ्या नात्यात पोचवलं. विजय नगरला त्यांचं नवं घर झालं होतं, तिथे जो येईल त्याला चहाबरोबर ही गोष्ट. डोमाजीचा सख्खा भाऊ सुखराम, मालनबाईचा नवरा, तोसुद्धा एकदा त्याला तोंडावर बोलला, "शौकासाठी पोरगं घालवलंस." मी तिथेच उभी होते. डोमाजी माझ्याकडे पाहील असं मला वाटलं. त्याने नाही पाहिलं. खाली मान घालून बसला. मी चहाच्या कपबशा उचलून आत गेले.

त्यानंतर तो कामावर जाईना. मागच्या खोलीत बसून राहायचा. एकदा दारातून पाहिलं तर तळहातावर चमचाभर हळद घेऊन खिडकीसमोर बसलेला. काच काढायचा, पाहायचा. काच लावायचा, पाहायचा. मग काचेवर कागद लावून अर्धा उजेड अडवायचा आणि परत हळद पाहायचा. मी म्हटलं, "काय करून राहिले?" तर म्हणाला, "पाहून राहिलो, काहून दिसलं नाही." मी म्हटलं, "आता पाहून काय उपयोग?" दुसऱ्या दिवशी पुन्हा हळद. माझं डोकं फिरलं. मी कपडे भरले आणि सिहोऱ्याला बहिणीकडे गेले, कलावतीकडे. चार महिने राहिले. तिथे मी गहू निवडले, तिची गाय धुतली. कोणी काही विचारलं नाही आणि मलाही काही आठवलं नाही. बरं गेलं म्हणायचं.

परत आले तेव्हा डोमाजीने मागची खोली फोडली होती.

म्हणजे असं, की संघूची बाज, टेबल, पुस्तकं, सगळं पुढच्या खोलीत आणून रचलं होतं. खिडकी विटांनी बंद केली होती, काच काढून टाकली होती. खोलीचे चारही कोपरे चुना-वाळूने भरून गोल केले होते, भिंत आणि छत मिळतं तिथेही, भिंत आणि फरशी मिळते तिथेही. भेडाघाटला मूर्ती कोरतात त्यांच्याकडून संगमरवराचा भुगा आणून चुन्यात घातला आणि दगडाने घोटून घोटून भिंती अशा केल्या होत्या की बोट फिरवलं तर घसरावं. आणि जिथे संघूचं डोकं यायचं त्या भिंतीत मोठं भगदाड पाडलं होतं, चांगलं चौकोनी, माणूस वाकून जाईल एवढं. त्याच्या मागे आमची लाकडं ठेवायची कोठी. तीही आतून पांढरी केली आणि तिच्या पत्र्यात वरून उजेड येईल अशी फट ठेवली, जी खोलीतून दिसत नाही. भगदाडाच्या कडा त्याने खरवडून भाकरीच्या कडेइतक्या पातळ केल्या होत्या. हे मला कसं माहीत? कोठीत मी मागून लाकडं काढायला गेले तेव्हा पाहिलं. लाकडं नव्हती. त्याने अंगणात पावसात टाकली होती. मग मी बोलले त्याला, चांगलं बोलले.

तो म्हणाला, "लीला, आत येऊन बस तर एकदा."

मी म्हटलं, "संघूची खोली मोडली तुम्ही. मी पाय ठेवणार नाही." आणि नाही ठेवला. सात वर्षं. जिद्द म्हणा, राग म्हणा. राग तेवढा माझ्यात जिवंत राहिला होता, म्हणून मी तो जपून वापरला.

फोटोचं असं झालं. पॉलिटेक्निकच्या फॉर्मसाठी काढलेला संघूचा एक छोटा फोटो होता. तो मी स्टुडिओत मोठा करून घेतला, लाकडी चौकट, वर काच. संघू त्यात थोडा रागावलेला दिसतो, टाय घट्ट झाल्यावर दिसतो तसा. तो मी डोमाजीपुढे धरला. म्हटलं, हा त्याच्या खोलीत लावा, त्याच्या डोक्याच्या भिंतीवर.

"तिथे भिंत नाही," तो म्हणाला.

"मग दुसऱ्या भिंतीवर."

"त्या खोलीत काही लावता येत नाही, लीला. एक खिळा ठोकला तरी भिंत दिसायला लागते. मग सगळं गेलं."

"पोरगं गेलं त्याचं काही नाही, भिंत दिसली तर सगळं गेलं?"

पुढच्या खोलीत लाव म्हणाला. पुढच्या खोलीत सायकल, पिठाचा डबा, येणारे-जाणारे. मी नाही म्हटलं. माझं पोरगं पाहुण्यासारखं पुढच्या खोलीत बसणार नाही. मग फोटो माझ्या लग्नाच्या लुगड्यात गुंडाळून पेटीत गेला. दर वर्षी संघूच्या दिवशी भंतेजी यायचे, वंदना व्हायची, तेव्हा फोटो काढून अंगणात खुर्चीवर ठेवायचा, फुलं वाहायची, लोक जेवून गेले की परत पेटीत. वर्षातून एक दिवस माझं पोरगं खुर्चीवर बसायचं.

आणि इकडे त्या खोलीचं नाव व्हायला लागलं. आधी शेजारपाजारचे आले. डोमाजी त्यांना बाकावर बसवायचा आणि म्हणायचा, "पाच मिनिट चुप बैठो, कुछ देखो मत." मग आतून हसण्याचे, ओरडण्याचे आवाज. "अरे बाप रे, हाथ अंदर चला गया!" समोर त्यांना भिंतीवर लावलेला फिका कागद दिसायचा म्हणे, कधी दुधाळ, दुपार उतरली की गुलाबी, कधी राखेसारखा. हात लावायला जावं तर कागद नाहीच, हात पोकळीत. मी अंगणात तांदूळ निवडत बसायची आणि म्हणायची, भगदाड पाहायला लोक येतात, काय दिवस आले.

मग विनताबाई आल्या. मुलींच्या शाळेत चित्रकला शिकवायच्या. त्यांचे पूर्वज मराठ्यांच्या चाकरीत इकडे आलेले, घराणं जुनं, मराठी अगदी धुतलेलं. सुती साडी, खांद्याला झोळी. त्या आत गेल्या त्या तासभर बाहेरच आल्या नाहीत. मला वाटलं चक्कर आली की काय. आल्या तेव्हा डोळे लाल. म्हणाल्या, "डोमाजी, तुम्ही फार मोठे कलावंत आहात. आपण जे बघतो ते बाहेर असतं की आपल्यातच, हा प्रश्न तुम्ही भिंतीत मांडला आहे."

डोमाजी कानाच्या पाळीला चुना लागला होता तो खरवडत म्हणाला, "मॅडम, मी काही मांडलं नाही. भिंत काढली फक्त."

"पण ती दिसते!"

"हो ना," डोमाजी म्हणाला. "तेच तर."

विनताबाईंनी मग एका हिंदी पेपरात लिहिलं. त्यानंतर भोपाळहून, दिल्लीहून एक-दोन माणसं आली. फोटो काढून पाहिले, फोटोत नुसता पांढरा कागद आला, निराश झाली. विनताबाई मात्र येत राहिल्या. मला एकदा म्हणाल्या, "लीलाबाई, तुम्ही का हो आत जात नाही?" मी म्हटलं, "माझं काम अंगणात असतं." त्या समजल्या असाव्या, परत विचारलं नाही. चांगली बाई होती. पण मला तिचंही काही वाटलं नाही. मला त्या दिवसांत कोणाचंच काही वाटत नव्हतं. सण यायचे, पाऊस यायचा, भावाच्या मुलीचं लग्न झालं, तिथे मी पाच दिवस पुऱ्या लाटल्या. कोणी विचारलं कशी आहेस, तर म्हणायची, ठीक. आणि ते खोटं नव्हतं.

डोमाजीने एकदाच मला त्या खोलीबद्दल नीट सांगितलं. जेवत होता. घास हातात धरून म्हणाला, "लीला, मला वाटलं होतं नीळ काढली, काच काढली, उजेड साफ केला, की माणसाला जे आहे ते दिसेल. तसं नाही होत. साफ उजेडातही जे नाही ते दिसतं. मी स्वतः केली खोली, मला माहीत आहे तिथे भिंत नाही, तरी रोज सकाळी मला भिंत दिसते."

मी म्हटलं, "भात घेता का अजून?"

माझंच चुकलं ते. पण तेव्हा मला एवढंच बोलता येत होतं.

सातव्या वर्षी, त्र्याण्णव साली, संघूच्या दिवशी घरात गर्दी होती. सुखराम भाऊजी, मालनबाई, सिहोऱ्याहून कलावती, विनताबाईही आल्या होत्या. सकाळी भंतेजींनी वंदना घेतली, पंचशील झालं, पाणी सोडून पुण्यानुमोदन झालं. भंतेजी भोजन करून गेले. मग अंगणात पंगत बसली. मी वाढता वाढता खुर्चीकडे पाहिलं. संघूच्या फोटोवरचा शेवंतीचा हार सरकून त्याच्या एका डोळ्यावर आला होता. मी तो नीट करायला गेले आणि मला एकदम असं वाटलं, की आता संध्याकाळी मी याला पेटीत घालू शकत नाही. हात धजणार नाही. बस. झालं ते खूप झालं.

डोमाजी पंगतीत पाणी वाढत होता. मी भाजीची बादली खाली ठेवली. त्याच्या कामाच्या पिशवीतून हातोडी घेतली, दोन खिळे तोंडात धरले, फोटो छातीशी घेतला आणि मागच्या खोलीत शिरले.

आत आवाज नव्हता. बाहेरची पंगत, मुलांची ओरड, सगळं जसं कोणी झाकण लावून बंद केलं. पाय फरशीवर होते पण फरशी कुठे संपते ते कळेना. कोपरा पाहावा तर कोपरा नाही. संघूची खोली नव्हती ती, कोणाचीच नव्हती. मला भीती नाही वाटली. माझ्या आत होतं तसंच ते बाहेर होतं, म्हणून ओळखीचं वाटलं असेल.

आणि समोर भिंत होती.

मला माहीत होतं तिथे भगदाड आहे. मी मागून पाहिलं होतं, सात वर्षं लोकांची बोंब ऐकली होती. पण समोर भिंत होती, सपाट, कोरी, नुकताच चुना वाळल्यासारखी, संघूच्या डोक्याच्या जागी. आणि मला वाटलं, बुजवलं त्याने. आजच्या दिवसासाठी, माझ्यासाठी, काही न बोलता बुजवलं. तो तसाच माणूस, सांगत नाही, करून टाकतो. खरं सांगते, इतक्या वर्षांत पहिल्यांदा मला काही झालं, तर आनंद झाला. मी खिळे दातात धरून हसले असेन.

खिळा कुठे ठोकायचा ते पाहावं म्हणून फोटो दोन्ही हातांनी पुढे धरला आणि भिंतीला टेकवला.

टेकला नाही. माझे हात कोपरापर्यंत आत गेले, तोल गेला, मी गुडघ्यावर आले आणि फोटो सुटला. पलीकडे कोठीची फरशी खाली आहे. काच फुटल्याचा आवाज झाला. मी तशीच बसून राहिले, दोन्ही हात त्या पोकळीत. खिळे तोंडातून कधी पडले कळलं नाही.

डोमाजी धावत आला. मला पाहिलं, मग काही न विचारता माझ्या बाजूने वाकून भगदाडातून आत उतरला. दारात लोक जमले. मालनबाई सगळ्यांच्या पुढे. कमरेवर हात ठेवून म्हणाली, "पाहा! आधी काचेनं पोरगं नेलं, आता पोराचा फोटोही फोडला. किती वेळा सांगितलं लीलाने, याच्या खुळापायी झालं सगळं. पण हा माणूस ऐकेल तर शपथ."

सुखराम भाऊजी म्हणाले, "आज तरी जाऊ दे."

"काहून जाऊ दे? लीला, तूच सांग ना. कोणी बसवली ती काच?"

मी समोर पाहत होते. आत डोमाजी काचा गोळा करत होता, पण तो आत आहे असं दिसतच नव्हतं. भिंतीवर चिकटवल्यासारखा दिसत होता, जवळ की लांब ते कळेना. मी हात लांब केला असता तर पोचला असता का, मला सांगता आलं नसतं. मला नुकतीच भिंत दिसली होती. माहीत असून दिसली होती. मग त्या बारा दिवसांत माहीत नसताना आम्हाला काय दिसणार होतं? त्याला काय, मला काय. तरी सात वर्षं सगळं एकट्या त्याच्या डोक्यावर.

"काच मी मागितली होती," मी म्हटलं.

मालनबाईला नीट ऐकू आलं नाही की काय, म्हणाली, "काय?"

"संघूच्या खिडकीची निळी काच. मी मागितली. यांच्या मनातही नव्हतं, मी म्हटलं म्हणून बसवली. तुला मी अर्धंच सांगितलं. सात वर्षं अर्धंच सांगितलं."

विनताबाईंनी तोंडावर पदर घेतला. कलावती माझ्याकडे यायला निघाली होती ती मधेच थांबली. मला वाटलं आता डोमाजी वर पाहील. म्हणेल, बघा, बघा आता. म्हणायचा हक्क होता त्याचा, मी ऐकून घेतलं असतं.

डोमाजीने वर पाहिलं नाही. तो फोटोवरची काच बोटाने बाजूला करत होता, कागद ओरखडू नये म्हणून एकेक तुकडा सावकाश.

"हो," तो म्हणाला. "ऊन लागत होतं त्याला."

मग माझ्या अंगात कुठून तरी कळ उठली. गुडघा फुटला होता, लुगड्याला रक्त लागलं होतं, ते मला तेव्हा दुखायला लागलं. मी भगदाडाच्या कडेला हात धरला आणि आत उतरायला पाय उचलला.

"थांब," डोमाजी म्हणाला. त्या खोलीत त्याने कधी कोणाला चप्पल घालून येऊ दिलं नव्हतं, विनताबाईंनासुद्धा नाही. घोटलेल्या फरशीवर एक डाग पडला तर दोन दिवस दगड फिरवत बसायचा. "पायाला लागेल. चप्पल घालून ये."

मी अंगणात गेले, पायात चप्पल घातली, परत आले. आणि जिथे मला भिंत दिसत होती तिथून आत गेले.